न कापता आत कसं बघायचं? दापोडीतलं एक कास्टिंग आणि मायक्रो-सीटी

उन्हाळ्यात कलिंगड घेताना आपण काय करतो? बोटाने टकटक वाजवून बघतो. तरी खात्री पटली नाही तर फळवाला त्रिकोणी काप काढून दाखवतो. काप काढला की शंका मिटते, पण मग ते कलिंगड त्याच दिवशी संपवावं लागतं.

कारखान्यातही हीच अडचण आहे. वस्तू आतून चांगली आहे का हे बघायला ती कापावी लागते, आणि कापली की ती भंगारात जाते. तुमच्या मोबाईलची बॅटरी तर कापायचीही सोय नाही, आग लागेल. अशा ठिकाणी एक मशीन कामाला येतं. त्याचं नाव मायक्रो-सीटी. हॉस्पिटलमधल्या सीटी स्कॅनचा हा छोट्या वस्तूंसाठीचा भाऊ समजा. हॉस्पिटलचं मशीन साधारण अर्ध्या मिलिमीटरपर्यंतचं बारीक दाखवतं, तर हे मशीन केसाच्या जाडीपेक्षाही बारीक गोष्टी दाखवू शकतं.

माझी त्याच्याशी ओळख झाली ती एका भांडणामुळे.

भांडण कशावरून झालं

दापोडीतल्या एका छोट्या मशीनिंग वर्कशॉपमध्ये मी क्वालिटीचं काम बघायचो. चाकणकडून ॲल्युमिनियमची डाय-कास्टिंग यायची, आम्ही त्यात भोकं पाडून, आटे मारून माल पुढे पाठवायचो. एकदा एक लॉट परत आला. लीक टेस्टला नापास! पार्टमध्ये हवा भरून पाण्यात बुडवला की एका भोकाजवळून बारीक बुडबुडे यायचे.

कास्टिंगवाले म्हणाले, ‘तुमच्या ड्रिलिंगमध्ये क्रॅक पडलाय.’ डेबिट नोट आमच्या नावावर येणार हे दिसायला लागलं. ड्रिलिंगवर त्या शिफ्टला आयटीआयचा एक अप्रेंटिस होता. दोनच महिने झाले होते त्याला येऊन. सुपरवायझरने सगळ्यांसमोर त्याला झापलं, ‘ड्रिल दाबून मारलंस ना?’ पोरगा काहीच बोलला नाही. बोलणार तरी काय? पुरावा कोणाकडेच नव्हता.

आम्ही चार पार्ट कापून बघितले, काही सापडलं नाही. का, ते मला नंतर कळलं. एक तर करवतीचं पातं स्वतःच एक-दोन मिलिमीटर धातू खाऊन टाकतं; दोष नेमका तिथेच असेल तर तो भुशाबरोबर गेला. दुसरं म्हणजे ॲल्युमिनियम मऊ. कापताना ते पसरतं आणि बारीक छिद्रांवर लेप बसल्यासारखं होतं. शिवाय आपण एका जागी कापतो, म्हणजे आतलं एकच पान वाचतो. बाकीचं पुस्तक बंदच राहतं.

शेवटी न कापलेला एक लीक होणारा पार्ट पिशवीत टाकला आणि फुगेवाडी, कासारवाडी, नाशिक फाटा करत भोसरीतली एक टेस्टिंग लॅब गाठली.

मशीन नक्की करतं काय?

मला वाटलं होतं मशीन थेट ३डी फोटो काढत असेल. तसं नाही. मशीन फक्त सावल्या काढतं.

लहानपणी लाईट गेल्यावर मेणबत्तीसमोर हात धरून भिंतीवर हरीण, कुत्रा केलाय ना? हात मेणबत्तीच्या जवळ नेला की सावली मोठी होते. इथेही तसंच. एका बाजूला एक्स-रेची नळी, दुसऱ्या बाजूला डिटेक्टर, मध्ये फिरत्या टेबलावर वस्तू. वस्तू नळीच्या जवळ नेली की सावली मोठी पडते. मात्र ती स्पष्ट यायला प्रकाशाचा उगम अगदी बारीक बिंदूसारखा लागतो. ट्यूबलाईटची सावली फिसकटलेली येते आणि छोट्या टॉर्चची रेखीव येते, त्यातलाच हा प्रकार. म्हणून या मशीनमधल्या एक्स-रेचा उगम-बिंदू काही मायक्रॉनचाच असतो. मायक्रॉन म्हणजे मिलिमीटरचा हजारावा भाग.

हॉस्पिटलमध्ये पेशंट झोपून असतो आणि नळी त्याच्याभोवती फिरते. इथे नळी जागेवर राहते आणि वस्तूच हळूहळू फिरते. एका फेरीत हजार ते दोन हजार सावल्या टिपल्या जातात. निर्जीव वस्तूला एक्स-रेचा त्रास नसल्यामुळे घाई नसते, एक स्कॅन काही मिनिटांपासून काही तासांपर्यंत चालू शकतो.

मग या सावल्यांपासून वस्तू कशी उभी राहते? तर गणिताने. प्रत्येक सावली जिथून आली त्या दिशेने उलटी पसरवायची आणि सगळ्या एकमेकींवर टाकायच्या. नुसतं एवढंच केलं तर चित्र धुरकट येतं. म्हणून पसरवण्याआधी प्रत्येक सावलीवर एक फिल्टर लावतात, त्याने कडा उठून दिसतात. या कामात सर्रास वापरल्या जाणाऱ्या फिल्टरचं नाव आहे ‘राम-लॅक’. जी. एन. रामचंद्रन आणि ए. व्ही. लक्ष्मीनारायणन या दोन भारतीय शास्त्रज्ञांनी 1971 मध्ये ही पद्धत मांडली, त्यांच्याच नावांवरून ते पडलं. त्याच वर्षी इंग्लंडमध्ये गॉडफ्रे हाउन्सफील्डच्या मशीनवर पहिल्या पेशंटच्या मेंदूचा सीटी स्कॅन झाला. हाउन्सफील्डला पुढे 1979 चं नोबेल ॲलन कॉर्मॅकसोबत मिळालं.

छोट्या वस्तूंची पाळी नंतर आली. 1982 मध्ये जे. सी. इलियट आणि एस. डी. डोव्हर यांनी एका छोट्या गोगलगाईच्या शंखाचा असा स्कॅन केला. आणि आपल्या पट्ट्यातल्या लोकांना आवडेल अशी गोष्ट पुढे आहे. शंकूसारख्या पसरणाऱ्या किरणांपासून ३डी चित्र बनवण्याचं जे सूत्र आज जगभर चालतं, ते 1984 मध्ये फेल्डकॅम्प, डेव्हिस आणि क्रेस या तिघांनी दिलं. हे तिघं कुठे कामाला होते? फोर्ड या मोटार कंपनीच्या संशोधन विभागात! पुढे तेच तंत्र हाडांची आतली जाळी बघायलाही वापरलं गेलं.

किती बारीक दिसतं? सोपा हिशोब

मोबाईलचा फोटो पिक्सेलचा बनतो. हे ३डी चित्र छोट्या ठोकळ्यांचं बनतं, त्यांना व्हॉक्सेल म्हणतात. समजा डिटेक्टरवर आडवे 2000 पिक्सेल आहेत. मग वस्तूची रुंदी भागिले 2000, एवढा साधारण एक व्हॉक्सेल.

मोबाईलच्या पॉवर बँकमधला 18 मिलिमीटर जाडीचा गोल सेल घेतला तर व्हॉक्सेल येतो 9 मायक्रॉनचा. आमचा पार्ट 80 मिलिमीटरचा, म्हणजे व्हॉक्सेल 40 मायक्रॉन. म्हणजे वस्तू जितकी छोटी तितकं बारीक दिसणार. शिवाय एखादं छिद्र आहे असं खात्रीने म्हणायला ते किमान दोन-तीन व्हॉक्सेल रुंद हवं. एकच ठोकळा काळा दिसला तर तो नुसता ठिपकाही असू शकतो.

फाईल किती मोठी? 2000 × 2000 × 2000 म्हणजे 800 कोटी व्हॉक्सेल. प्रत्येकाला 2 बाइट धरले तर 16 जीबी. एकाच पार्टचे! तुमच्यापैकी कितीतरी जणांच्या फोनची रॅमसुद्धा एवढी नसेल.

माझी घाई आणि मॅडमचा प्रश्न

लॅबमधल्या मॅडमनी पार्ट थर्माकोलमध्ये खाच करून तिरका बसवला. मी विचारलं, एवढं भारी मशीन आणि थर्माकोल? त्या म्हणाल्या, ‘एक्स-रेला थर्माकोल जवळपास दिसतच नाही. आणि पार्ट केसभर जरी हलला तरी अख्खं चित्र फिसकटतं.’ मग नळीसमोर तांब्याचा पातळ पत्रा लावला.

तासाभराने स्क्रीनवर पार्ट आला. माऊस फिरवला की हवा तिथे छेद दिसत होता. आमच्या पार्टमध्ये स्टीलचे दोन बुश होते. त्या दोन बुशांच्या मधोमध मला एक काळी रेघ दिसली आणि मी जवळजवळ ओरडलोच, ‘हाच क्रॅक!’

मॅडमनी विचारलं, ‘क्रॅक आहे, की स्टीलची करामत?’

त्यांनी समजावून सांगितलं. एक्स-रेमध्ये कमी-जास्त ताकदीचे किरण मिसळलेले असतात. जाड धातूतून जाताना कमजोर किरण आधी अडकतात, चाळणीत भरड अडकावं तसे. पलीकडे फक्त दमदार किरण निघतात. गणिताला हे कळत नाही, त्यामुळे दोन जड धातूंच्या मध्ये खोट्या काळ्या रेघा उमटतात. तांब्याचा पत्रा लावला होता तो यासाठीच, कमजोर किरण आधीच गाळून टाकायला. पण त्याने सगळं जात नाही. डिटेक्टरचा एखादा पिक्सेल बिघडला तर चित्रात गोल कडीही उमटते, आणि नवशिक्याला तीही दोष वाटते.

मग त्यांनी पार्ट वेगळ्या कोनात बसवून पुन्हा स्कॅन घेतला. काळ्या रेघेने दिशा बदलली! खरा क्रॅक पार्टबरोबर फिरला असता. ही रेघ पार्टमध्ये नव्हतीच.

खरा दोष दुसरीकडे निघाला. भिंतीच्या आत बारीक ब्लो होलची माळ होती, एकमेकांना चिकटलेली. माळेचं एक टोक आतल्या बाजूला उघडत होतं आणि दुसरं आम्ही पाडलेल्या भोकात. साध्या एक्स-रेमध्ये ही छिद्रं एकावर एक दिसली असती, पण ती जोडलेली आहेत की मागे-पुढे सुटी आहेत हे कळलं नसतं. हवा निसटते ती जोडलेल्या वाटेने. इथे ३डी लागतं ते यासाठी.

मी विचारलं, ‘म्हणजे चूक कास्टिंगवाल्यांची?’ मॅडम म्हणाल्या, ‘छिद्र कुठे आहे, केवढं आहे, कशाला जोडलंय एवढं मी लिहून देईन. कोणाची चूक, ते तुम्ही शॉपमध्ये शोधा.’ रिपोर्टमध्ये त्यांनी व्हॉक्सेलचा आकारही लिहिला, आणि यापेक्षा बारीक क्रॅक असेल तर या स्कॅनमध्ये दिसणार नाही हेही.

आम्ही दोघं-तिघं तो रिपोर्ट घेऊन कास्टिंगवाल्यांकडे बसलो. डायमधून हवा बाहेर जायला जे व्हेंट असतात, त्यातले दोन चोक झालेले सापडले. हवा धातूत अडकत होती, आमच्या ड्रिलने फक्त तिचं दार उघडलं. डेबिट नोट मागे घेतली गेली. अप्रेंटिसला मी स्क्रीनशॉट दाखवला. तो बराच वेळ बघत राहिला आणि म्हणाला, ‘सर, हे सुपरवायझर सरांना पण दाखवा.’ दाखवलं.

तुमच्या खिशातल्या फोनचा संबंध

2016 मध्ये सॅमसंगच्या गॅलेक्सी नोट 7 ला आगी लागल्याच्या बातम्या तुमच्यापैकी काहींना आठवत असतील. जानेवारी 2017 मध्ये कंपनीने कारणं जाहीर केली. एका पुरवठादाराच्या बॅटरीत वरच्या कोपऱ्यात आतला इलेक्ट्रोड वाकला होता, तर दुसऱ्याच्या बॅटरीत वेल्डिंगचे टोकदार कण राहिले होते. बाहेरून दोन्ही बॅटऱ्या नव्याकोऱ्या. त्यानंतर कंपनीने बॅटरी तपासणीचे जे आठ टप्पे सांगितले त्यात एक्स-रे तपासणीही होती.

आणि गंमत बघा, मोबाईलसारखी चपटी वस्तू या मशीनला अवघड जाते. समोरून किरण आरपार जातात, पण फिरवून कडेने बघायला गेलं की त्यांना कित्येक पट जाडी ओलांडावी लागते. तिथे कसं बसवायचं, किती ताकद द्यायची, हे बटण ठरवत नाही. माणूस ठरवतो.

हे काम कोण करतं?

मेकॅनिकल, मेटलर्जी किंवा फिजिक्स शिकलेले लोक या कामात येतात, डिप्लोमावालेसुद्धा. वस्तू न तोडता तपासण्याच्या शाखेला एनडीटी म्हणतात, आणि त्यात लेव्हल 1, 2, 3 अशी प्रमाणपत्रं असतात. औद्योगिक रेडिओग्राफीचं प्रशिक्षण मुंबईचं भाभा अणुसंशोधन केंद्रही देतं. एक्स-रे उपकरणांच्या सुरक्षेवर अणुऊर्जा नियामक मंडळाची देखरेख असते. मायक्रो-सीटीचं मशीन शिसं लावलेल्या बंद कपाटात असतं आणि दार उघडं असेल तर एक्स-रे सुरूच होत नाहीत.

आता सॉफ्टवेअर छिद्रं आपोआप मोजतं, रंगवूनही देतं. पण त्या दिवशी सॉफ्टवेअरने ती खोटी रेघसुद्धा रंगवली असती. मग एका पोराच्या माथी तो क्रॅक कायमचा बसला असता.

तुमच्या गल्लीतल्या मोबाईलच्या दुकानात हे मशीन नसणार. म्हणून बॅटरीवरचं चकचकीत लेबल बघून आतलं ओळखता येतं असं कोणी सांगितलं तर विश्वास ठेवू नका. बॅटरी फुगली असेल तर दाबून बघू नका, टोचू तर अजिबात नका. चार्जिंग बंद करा आणि ती सर्व्हिस सेंटरला द्या. कलिंगडासारखी ती वाजवून कळत नाही.