बॉक्सवूडची पानं गळतायत?

अमेरिकेतल्या मराठी बागप्रेमींनो, घरासमोरच्या बॉक्सवूडची पानं भराभर गळायला लागली तर लगेच खताची पिशवी फोडू नका. आधी एक फांदी हातात घेऊन बघा. पानांवर गोल तपकिरी डाग आणि कोवळ्या हिरव्या काडीवर काळ्या उभ्या रेघा असतील, तर तो बहुधा बॉक्सवूड ब्लाइट हा बुरशीचा रोग.

ही बुरशी अमेरिकेत २०११ मध्ये सापडली. तिचे बीजाणू चिकट असतात. पाण्याचे शिंतोडे, कात्री, हातमोजे, बूट यांच्यावरून ते झाडोझाडी फिरतात. म्हणून वरून स्प्रिंकलर बंद, पाणी थेट बुंध्याशी, आणि झाड ओलं असताना छाटणी अजिबात नाही. कात्री ७० टक्के अल्कोहोलने पुसायची. गळलेली पानं कंपोस्टमध्ये टाकू नका, बुरशी त्यात वर्षानुवर्षं तग धरते. पिशवीत बांधून कचऱ्यात द्या. दाराला लावलेलं नाताळचं बॉक्सवूडचं रीथही तसंच! (हे बहुतेकजण विसरतात.)

नवी रोपं जुन्यांपासून थोडे दिवस लांबच ठेवा.

पानं कुरतडलेली आणि फांद्यांत जाळी दिसली तर मात्र प्रकरण वेगळं: काळ्या पट्ट्यांच्या हिरव्या अळ्या. त्या हाताने वेचा, फार झाल्या तर बीटी (Bt) हे जैविक कीटकनाशक फवारा.