आवाज गाळणाऱ्या फायली

मांजरसुंबा हे बीड तालुक्यातले, बालाघाटाच्या डोंगररांगेतले गाव. धुळे-सोलापूर महामार्ग येथून जातो, त्यामुळे मालमोटारींची घरघर कायमचीच. अशा गावी एखाद्या शिक्षकाने मुलांसाठी धडा चित्रित केला, तर फळ्यावरचे अक्षर स्पष्ट दिसेल, पण गुरुजींचे शब्द घरघरीत बुडून जातील. २०२० साली शाळा बंद होत्या, तेव्हा कितीतरी शिक्षकांनी मोबाइलवर असे धडे तयार केले. चित्र नुसते दिसून भागत नाही, शब्द कानी पडावा लागतो.

ही घरघर संगणकावर कमी करता येते. मात्र चित्रफितीचे संपादन करणारा प्रोग्रॅम प्रत्येक काम स्वतः करतोच असे नाही. ट्रॅक्टर एकच असतो; त्याला कधी नांगर, कधी पेरणीयंत्र जोडतो, तसेच हे. या जोड-औजाराला 'प्लगइन' म्हणतात.

प्लगइन एकटे चालत नाही. नांगर तरी एकटा कुठे चालतो? विंडोजच्या संगणकावर ते बहुधा 'डीएलएल' जातीच्या फाइलीत असते. हिला लायब्ररी फाइल म्हणतात. हिच्यात पुस्तके नसतात, हिशेबाच्या तयार रीती असतात. प्रोग्रॅमने लागेल तेव्हा मागून घ्यावयाच्या. संगणकाला आवाज म्हणजे आकडेच. चित्रफितीत एका सेकंदाच्या आवाजाचे बहुधा ४८,००० आकडे असतात. प्रोग्रॅम ते थोडेथोडे लायब्ररीकडे देतो, ती हिशेब करून बदललेले आकडे परत करते.

मालमोटारीची घरघर बरीचशी खर्जातली. सेकंदाला ८० कंपनांच्या खालचा भाग गाळला, की ती पुष्कळ कमी होते आणि बोलणे शाबूत राहते. हॉर्न मात्र बोलण्याच्याच पट्टीत मिसळतो; तो या गाळणीत अडकत नाही, बरं का! त्यासाठी खिडकी लावून, माइक तोंडाजवळ धरणे हाच उपाय.

आता, एकाचा नांगर दुसऱ्याच्या ट्रॅक्टरला बसावा, तर जोडणीचे माप ठरलेले असावे लागते. असे एक माप जर्मनीतील हॅम्बुर्गच्या स्टाइनबर्ग कंपनीने १९९६ साली काढले. त्याचे नाव 'व्हीएसटी'. २००८ साली त्याची तिसरी आवृत्ती आली. विंडोजवर दुसऱ्या आवृत्तीच्या फाइलीचे शेपूट 'डीएलएल', तर तिसरीचे 'व्हीएसटी३'. जुन्या मापाचे परवाने नव्या प्लगइनकारांना देणे कंपनीने २०१८ साली बंद केले.

प्लगइन दिसत नसेल, तर तीन गोष्टी पाहाव्यात. फाइल योग्य फोल्डरमध्ये आहे का? आपला प्रोग्रॅम त्या आवृत्तीचे प्लगइन घेतो का? प्रोग्रॅम ६४ बिटांचा आणि प्लगइन जुने ३२ बिटांचे, असे तर नाही ना? बिटांचा मेळ नसेल, तर जोडणी सरळ बसत नाही.

कधी पडद्यावर अक्षरे येतात, 'अमुक डीएलएल सापडत नाही.' पुष्कळ प्लगइने एका सामायिक लायब्ररीवर अवलंबून असतात. ती संगणकावर नसली, की अशी तक्रार येते. येथेच घाई घात करते. तेवढी एकच फाइल कोठल्या तरी अनोळखी ठिकाणाहून उतरवून घेऊ नका. लायब्ररी फाइल म्हणजे चालणाऱ्या आज्ञा. त्यांत कोणी वाईट आज्ञा मिसळल्या असतील, तर त्याही चालतील. शाळेच्या ज्या संगणकावर मुलांच्या नोंदी व गुणपत्रके आहेत, तो एका फुकटच्या फाइलीपायी गमवावा काय? प्लगइन त्याच्या कर्त्याकडूनच घेऊन नव्याने बसवावे. हरवलेली सामायिक लायब्ररी मायक्रोसॉफ्टची असेल, तर ती मायक्रोसॉफ्टकडूनच घ्यावी. ती विनामूल्य मिळते.

आणखी एक. अर्धवट काम दुसऱ्या शाळेतील संगणकावर नेले आणि तेथे ते प्लगइन नसले, तर घरघर पुन्हा ऐकू येईल. कारण प्लगइन मूळ आवाज बदलत नाही, ऐकविताना गाळून देते. म्हणून काम हलविण्यापूर्वी गाळलेला आवाज वेगळ्या फाइलीत उतरवून ठेवावा आणि मूळ ध्वनिमुद्रणही जपावे. पुढे प्लगइन चालेनासे झाले, तरी मुलांना धडा स्पष्ट ऐकू येईल.