शेर्बूरच्या छत्र्या
(ले पाराप्लूई द शेर्बूर). अभिजात फ्रेंच संगीतपट (१९६४). लेखक व दिग्दर्शक झाक दमी (१९३१–९०). संगीतकार मीशेल लग्रां (१९३२–२०१९). यातील प्रत्येक संवाद गायिला जातो. अगदी मोटारदुरुस्तीचे किंवा उधारीचे बोलणेही त्यास अपवाद नाही. मात्र संगीतिकेप्रमाणे येथे स्वतंत्र पदे अथवा समूहगायन नाही. पठणसदृश अखंड गायन आणि काही पुनरावृत्त स्वरावली यांवरच सर्व भार आहे. गायन आधी ध्वनिमुद्रित करून त्याबरहुकूम चित्रीकरण झाले. नायिकेचा आवाज कात्रीन दनव्ह या अभिनेत्रीचा नसून दान्येल लिकारी या गायिकेचा आहे.

नॉर्मंडीतील शेर्बूर बंदरात छत्र्या विकणाऱ्या विधवेची कन्या झनव्हिएव्ह व मोटार-कारागीर गी यांची ही प्रेमकथा १९५७ मध्ये सुरू होते. सक्तीच्या लष्करी सेवेसाठी गी अल्जीरियास जातो. पत्रे विरळ होतात; गर्भवती झनव्हिएव्ह रॉलां कासार या जवाहिऱ्याशी विवाह करते. हा कासार दमीच्याच लोला (१९६१) या चित्रपटातून येथे आलेला आहे. १९६३ च्या नाताळात, बर्फ पडत असताना, गीच्या पेट्रोल पंपावर दोघांची अकस्मात भेट होते. मोटारीत बसलेल्या आपल्या मुलीस पाहण्याचे गी नाकारतो. अल्जीरियाच्या युद्धाविषयी (१९५४–६२) फ्रेंच चित्रपट बहुधा मौन पाळत असताना दमीने रणभूमी न दाखविताही त्या युद्धाने उद्ध्वस्त केलेले आयुष्य दाखविले. कथेत खलपुरुष कोणीच नाही, हे तिचे खरे सामर्थ्य होय. रंगीबेरंगी नेपथ्यामुळे तिला केवळ गोड मानणारी टीका म्हणूनच वरवरची वाटते.

बेर्नार एव्हँ याचे नेपथ्य व झां राबिए याचे छायालेखन यांमुळे भिंतींचे कागद आणि पात्रांची वस्त्रे भावावस्थेनुसार रंग बदलतात. १९६४ च्या कॅन महोत्सवात चित्रपटास सर्वोच्च पारितोषिक लाभले. ऑस्करसाठी त्यास एकूण पाच नामांकने मिळाली. त्यातील विरहगीत इंग्रजी रूपांतराने जगभर पोहोचले. दमीने संपूर्ण गायनबद्ध रचना ऊन शांब्र आं व्हील (१९८२) मध्ये पुन्हा योजिली. अमेरिकन दिग्दर्शक डेमियन शझेल याने ला ला लँड (२०१६) वरील या चित्रपटाचे ऋण मान्य केले आहे.

ज्या ईस्टमनकलर फिल्मवर चित्रीकरण झाले, तिचे रंग कालांतराने फिके पडतात. हा धोका ओळखून दमीने तिन्ही मूळ रंगांच्या स्वतंत्र कृष्णधवल प्रती करवून घेतल्या होत्या. त्यांच्या आधारे, त्याच्या मृत्यूनंतर, त्याची पत्नी व स्वतः ख्यातनाम दिग्दर्शिका असलेल्या आन्येस व्हार्दा हिच्या देखरेखीखाली चित्रपटाचे मूळ रंग पुन्हा सिद्ध करण्यात आले.