नटाचें चित्र

कुही तालुक्याच्या कडेला अंभोऱ्यापाशीं वैनगंगा ओलांडली, कीं झाडीपट्टीचा मुलूख लागतो. दिवाळीनंतर तेथें मंडई भरते, मांडव पडतो आणि पहांटेपर्यंत नाटक चालतें. सकाळीं मांडव उतरतो. रात्रीं ज्यानें लोकांस रडविलें त्या नटाचें काम मात्र केवळ आठवणींत उरतें. वृद्ध नटाचा अनुबोधपट काढणाऱ्यापुढें खरी अडचण हीच होय.

डॉ. श्रीराम लागू यांचेंच उदाहरण घ्यावें. १९२७ सालीं साताऱ्यास जन्मलेले लागू पेशानें कान, नाक व घसा यांचे शस्त्रवैद्य होते. चाळिशी उलटल्यावर, १९६९ सालीं, त्यांनीं तो व्यवसाय सोडून नाटकाचा धंदा पत्करला. दुसऱ्यांचे घसे तपासणाऱ्यानें आपला संसार स्वतःच्या घशावर टाकावा, हें धाडस लहान नव्हे! पुढल्याच वर्षीं, डिसेंबरांत, शिरवाडकरांचें 'नटसम्राट' दी गोवा हिंदु असोसिएशननें रंगभूमीवर आणलें. दिग्दर्शक होते नागपूरचे पुरुषोत्तम दारव्हेकर. निवृत्त नट गणपतराव बेलवलकर घरादारास मुकतो, अशी ती कथा. लांबलचक स्वगतें, चढत जाऊन फुटणारा आवाज आणि प्रत्येक प्रयोगास नव्यानें खचणें. असली भूमिका नटाचें शरीर झिजविते.

पडद्यावर हेच लागू निराळे दिसतात. शांतारामबापूंच्या 'पिंजरा'मध्यें (१९७२) तमाशाच्या नादीं लागून ढासळणारा गुरुजी, किंवा जब्बार पटेल यांच्या 'सामना'मध्यें निळू फुल्यांच्या पुढाऱ्यास भिडणारा दारुडा मास्तर, यांस शेवटच्या रांगेपर्यंत आवाज पोंचवावा लागत नाहीं. कॅमेरा जवळ येतो. पापणी हालली तरी पुरे. तें काम आजहि जसेंच्या तसें पाहावयास मिळतें. नाट्यप्रयोगाचें मुद्रण केलें, तर शब्द व चाल राहते. पण स्वगत संपतां संपतां सभागृहांत पसरणारी शांतता यंत्रास पकडतां येत नाहीं, आणि नट तर तिच्यावरच आपला पुढला श्वास बेततो.

म्हणून जुन्या चित्रपटांचे तुकडे जोडून नटाचें चित्र पुरें होत नाहीं. तालमींतील चुका, रंगपटांतील वाट पाहणें, बरोबरच्या नटांच्या आठवणी, हें सारें नट हयात असतांनाच टिपावें लागतें. लागू १७ डिसेंबर २०१९ रोजीं पुण्यास निवर्तले; सुदैवानें 'लमाण' हें आत्मचरित्र त्यांनीं लिहून ठेवलें होतें. झाडीपट्टींतील नटांनीं असें किती लिहिलें असेल? तेथील परशुराम खुणे यांस २०२३ सालीं पद्मश्री जाहीर झाली. यंत्र घेऊन निघणाऱ्यानें आधीं त्या मांडवांकडे वळावें.