हुकुमाची तामिली

'अवमान' या शब्दांत 'मन्' धातु आहे. एखाद्यास मनानें खालीं लेखणें, तो अवमान. त्यामुळें न्यायालयाचा अवमान म्हटला कीं कोणी तरी न्यायाधीशांस अपशब्द बोलला असावा, अशी आमची कित्येक वर्षें समजूत होती. वर्गांत मुलांनाही आम्हीं तसेंच सांगितलें असेल. परंतु १९७१ च्या कायद्यांत अवमानाचे दोन प्रकार आहेत, आणि त्यांतला दिवाणी अवमान जिभेचा नसून वर्तनाचा आहे. न्यायालयाचा हुकूम किंवा न्यायालयास दिलेलें वचन बुद्ध्या मोडणें, तो हा अवमान. 'बुद्ध्या' हा शब्द वाचकांनीं नजरेआड करूं नये. ज्यास हुकूम पाळणें खरोखरच अशक्य होतें, त्यास तुरुंग दाखवावा असा कायद्याचा हेतु नाहीं.

आतां आपल्याच प्रांतांतली गोष्ट पाहा. निलगिरींतील जंगलतोडीवरून १९९५ सालीं सर्वोच्च न्यायालयांत गोदावर्मन् खटला सुरू झाला व पुढें तो साऱ्या देशांतील वनांचा खटला झाला. त्यांत ४ मार्च १९९७ रोजीं, महाराष्ट्र व उत्तर प्रदेश येथील विनापरवाना आरागिरण्या आणि प्लायवूडचे कारखाने तत्काळ बंद करावे, नवे परवाने देऊं नयेत, असा हुकूम झाला. यांत संदिग्ध असें कांहींच नव्हतें. तरीही महाराष्ट्रांत सहा गिरण्यांस परवानगी मिळाली! १० मे २००६ रोजीं सर्वोच्च न्यायालयानें त्या वेळचे वनमंत्री स्वरूपसिंह नाईक व वनखात्याचे प्रधान सचिव अशोक खोत या दोघांस एक एक महिन्याची साधी कैद दिली. दोघांनींही क्षमा मागितली होती. न्यायालयाचें समाधान झाल्यास क्षमेवर सुटका होऊं शकते. पण येथें तें झालें नाहीं. शिक्षा समोर दिसूं लागल्यावरचा पश्चात्ताप कसा असतो, हें शाळामास्तरास निराळें सांगावयास नको.

मंत्र्यास कैद म्हणजे अतिरेक, असें आमचे कांहीं स्नेही म्हणाले. आम्हांस तें पटलें नाहीं. मंत्र्यानें मोडलेला हुकूम चालत असेल, तर पोटगीचा हुकूम हातीं घेऊन बसलेल्या बाईनें कोणाकडे पाहावें?

मात्र प्रत्येक तक्रारीस अवमान हें औषध नव्हे. पैशाचा हुकुमनामा असेल तर दरखास्त करावी. अवमानाचा अर्ज करणें असेल तर वर्षाच्या आंत करावा. पुढें मुदत जाते. मनाई हुकूम मोडल्यास दिवाणी न्यायालय स्वतःच मिळकत जप्त करूं शकतें व तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैदेंत ठेवूं शकतें.

आमच्या परिचयाच्या एका घरीं वाटणीच्या वादांत विहिरीबाबत असाच मनाई हुकूम झाला होता. तरी थोरल्या बंधूंनीं रहाटाच्या दाराचें कुलूप काढलें नाहीं. शेवटीं धाकट्यानें अर्ज केला व नोटीस आली. त्याच रात्रीं कुलूप निघालें, आणि सकाळीं धाकटी जाऊ घागर घेऊन विहिरीवर गेली.