जुन्या मोबाईलची नवी कार्यप्रणाली

बुऱ्हाणपूर हे मागांचे गाव. तेथील लालबागेतल्या जाणत्या विणकराला हे सांगावे लागत नाही की, जॅकार्डच्या मागावरील छिद्रांच्या पुठ्ठ्यांची माळ बदलली म्हणजे माग तोच राहतो आणि कापडावरची नक्षी मात्र पालटते. मोबाईलचेही तसेच आहे. काच, बॅटरी व विद्युत्‌मंडले हा त्याचा माग होय; आणि त्यात भरलेली कार्यप्रणाली ही पुठ्ठ्यांची माळ. घरातील फळीवर पडून राहिलेला मोबाईल पुष्कळदा झिजलेला नसतो; त्याची माळ तेवढी जुनी झालेली असते.

मे २०१४ मध्ये भारतात ६,९९९ रुपयांस विक्रीला आलेल्या मोटो ई या मोबाईलचे उदाहरण घेता येईल. कंपनीने त्यास अँड्रॉइडच्या ५.१ या आवृत्तीपर्यंत आणून पुढील सुधारणा थांबविल्या. परंतु अँड्रॉइडची मूळ आज्ञावली २००८ पासून सर्वांस खुली आहे. तिच्या आधारे स्टीव्ह कोंडिक यांनी २००९ साली सायनोजेनमॉडचा आरंभ केला. २०१६ च्या अखेरीस ते काम बंद पडले आणि लिनिएजओएस या नावाने स्वयंसेवकांनी ते पुढे चालविले. त्यांच्यामुळे मोटो ईला ७.१ ही आवृत्ती लाभली. कंपनीने ती कधीच दिली नव्हती.

हा बदल करताना घाईचे काम नाही. प्रथम मोबाईलची नेमकी जात ओळखावी. २०१४ च्या मोटो ईचे सांकेतिक नाव 'कॉन्डॉर' आहे. पुढच्या वर्षीच्या मोटो ईची फाईल यात घातल्यास यंत्र निश्चल होण्याचा धोका असतो. मग छायाचित्रे व दूरध्वनी क्रमांक अन्यत्र उतरवून घ्यावेत. कारण बूटलोडर नावाचे कुलूप उघडताच आतील सारा मजकूर पुसला जातो. मोबाईलने दिलेला सांकेतिक क्रमांक कंपनीस कळविला की कुलपाची किल्ली मिळते. त्यानंतर संगणकास केबल जोडून रिकव्हरी हा छोटा कार्यक्रम बसवावा, जुनी प्रणाली पुसावी व नवी चढवावी. बॅटरी आधीच पूर्ण भरलेली असावी. पहिल्यांदा चालू होण्यास मोबाईल बराच वेळ घेतो. तेवढ्यात घाबरून तो बंद करू नये.

मात्र या नूतनीकरणाची मर्यादाही जाणली पाहिजे. कुलूप उघडलेल्या मोबाईलवर बँकांचे कित्येक ॲप चालत नाहीत. शिवाय मोटो ईसाठीची ही ७.१ आवृत्तीही आता जुनी झाली असून तिला सुरक्षेच्या नव्या सुधारणा मिळत नाहीत. म्हणून पैशाचा व्यवहार त्यावर करूच नये. त्यात ४जीची सोय नसल्याने केवळ ४जीवर चालणाऱ्या सेवेचे सिमकार्डही निरुपयोगी ठरते.

तरीही गाणी ऐकणे, पुस्तके वाचणे, मुलांना शब्दकोश पाहावयास देणे, यांसाठी तो मोबाईल पुरेसा आहे. माग धडधाकट असता केवळ नक्षी जुनी झाली म्हणून कोणी विणकर तो भंगारात घालीत नाही; आणि नाजूक वस्त्र कोणत्या मागावर घ्यावयाचे नाही, हेही त्याला चांगले ठाऊक असते.