क्लीनरची रिकामी जागा

नागपूरहून रात्री निघालेला मालट्रक समृद्धी महामार्गाला लागला की चालकाचं माणसांशी बोलणं जवळजवळ थांबतं. भिवंडीजवळच्या आमण्यापर्यंत ७०१ किलोमीटर. हा सगळा रस्ता जून २०२५ मध्ये खुला झाला. दोन्ही बाजूंना कुंपण, वाटेत गाव नाही, चौक नाही, दुचाकी-रिक्षांना मज्जाव. टोलही फास्टॅगमधून परस्पर कापला जातो.

जुन्या अमरावती-धुळे रस्त्याने जाताना कोंढाळी, मूर्तिजापूर, मुक्ताईनगर, पारोळा अशी गावं लागत. ढाब्यावर बाजेवर पाठ टेकायची, पुढे पाऊस आहे का, कुठे गाडी उलटलीय का, हे समोरून आलेल्याला विचारायचं. ते दिवस फार सुखाचे होते असं मुळीच नाही. नाक्यावरची चिरीमिरी आणि तासन् तासांची रांग कुणाला हवी होती? पण वेळ वाचवताना थांबे गेले, आणि थांब्यांबरोबर सोबतही गेली.

केबिनमधली सोबत तर आधीच आटत चालली होती. खर्च वाचवायला कित्येक मालकांनी क्लीनर ठेवणं सोडलं. नॅशनल परमिटच्या ट्रकवर दोन चालक हवेत, ही अटही केंद्र सरकारने २०१८ मध्ये काढून टाकली.

एकटेपणाचा हा प्रश्न थेट जिवाशी येतो. सरळ, एकसारखा रस्ता तासन् तास पाहिला की मेंदूला नवं काही मिळत नाही. डोळे उघडे, हात स्टिअरिंगवर, पण लक्ष विझलेलं. मधले कित्येक किलोमीटर आठवतही नाहीत. यालाच ‘हायवे हिप्नोसिस’ म्हणतात. पहाटेच्या सुमारास, शरीर झोप मागत असताना, ही तंद्री सर्वांत घातक.

मग चालक घरी फोन लावतो. तो जागं राहण्यासाठी धडपडतोय हे मला समजतं, तरी फोन म्हणजे सोबत नव्हे. शेजारी बसलेल्या माणसाला पुढचा रस्ता दिसतो. समोरच्या गाडीने ब्रेक दाबला की तो बोलता बोलता थांबतो, प्रसंगी ओरडतो. फोनवरच्या बायकोला यातलं काहीच दिसत नाही, ती बोलतच राहते.

म्हणून लांबच्या रात्रीच्या खेपेला ट्रकवर दुसरा माणूस असलाच पाहिजे, आणि त्याचा पगार भाड्यात धरला पाहिजे. माल सकाळी दारात हवा असणाऱ्यांनी तेवढं भाडं मोजावं.